मामाचा डबा परत चालू झाला

डिचोली
जुलै २०२५

प्रिय बाबल्या,

शिव्या आधी देऊन घे. तुझा वाढदिवस गेला, बाळाच्या बारशाचे फोटो आले, त्यावरही मी नुसता अंगठा टेकवून मोकळा झालो. कारण विचारू नकोस, सांगण्यासारखं नाही. इकडे सगळे बरे. आईचे गुडघे होते तसेच, बाबांची शुगर ताब्यात, माझं पोट वाढलंय. झालं प्रकृतीचं.

आता ज्यासाठी लिहायला बसलो ते. मामाचा डबा चालू झाला. आपला तो गेम खेळायचा जुना प्लेस्टेशन थ्री.

चतुर्थी यंदा २७ ऑगस्टला. त्याआधी रंग काढायचा म्हणून माळा रिकामा करत होतो, तर गणपतीवर बांधायच्या माटोळीच्या दांड्यांमागे गोणपाटात गुंडाळलेला मिळाला. मला वाटलं, आत मुंग्यांनी संसार थाटला असेल. पुसला, दोन दिवस पंख्याखाली ठेवला आणि वायर लावली. लाल दिवा. बटण दाबलं, हिरवा. मी पिवळ्याची वाट बघत उभा. तुला आठवतं ना, पिवळा दिवा म्हणजे कारभार आटोपला. तो आला नाही. पंखा विमानासारखा घोंघावला आणि पडद्यावर आपला मेनू. आई मागून म्हणाली, "हो डबो परत कित्याक काडलो?" बायकोला उत्साहाने दाखवायला गेलो तर ती म्हणाली, "मग नवा घे ना." आता सांग, हिला काय समजावू?

गेम्सच्या रांगेत गेलो आणि हसूच आलं. एवढी लांब यादी आणि त्यात विकत घेतलेली गेम एकही नाही! सगळे डेमो, चाखायला दिलेले फुकटचे तुकडे. डेमो, डेमो, डेमो. आपण प्लेस्टेशन थ्री बाळगणारे डिचोलीतले सगळ्यात मोठे श्रीमंत आणि सगळ्यात मोठे भिकारी. एप्रिल २००७ मध्ये भारतात आली तेव्हा चाळीस हजारांना दहा रुपये कमी होती. मामाने जहाजावरून आणली म्हणून आपल्या नशिबात, नाहीतर कुठली. एकेक डिस्क अडीच हजारांच्या घरात. बाबांकडे अडीच हजार मागायचे म्हणजे आधी दहावीचे मार्क सांगावे लागले असते.

मग आपला तो रात्रीचा धंदा. बीएसएनएलचा दोन ते आठचा फुकट वेळ देवाने आपल्यासाठीच पाठवला होता. दोनला उठायचं, मॉडेम चालू, डाउनलोड सुरू, परत झोप, आणि आठच्या आत बंद. एकदा तू बंद करायला विसरलास आणि सगळा डेमो दिवसाच्या हिशेबात उतरला. बिल बघून बाबा जे बोलले ते पत्रात लिहिण्यासारखं नाही. तू म्हणशील मी विसरलो. नाही. तुझी पाळी होती, मी तेव्हा सांखळीला मावशीकडे होतो. अठरा वर्षं झाली, कबूल कर आता.

असो. भानगड पुढेच आहे.

यादीच्या तळाशी ग्रॅन टुरिस्मो एचडी कॉन्सेप्ट आहे. दिसल्याबरोबर तुझीच आठवण झाली. दहा गाड्या, एक ट्रॅक, तो आयगरचा डोंगर, खाली हिरवळ आणि वळणावर कड्याला घासत जायचं. बस, एवढीच गेम. आपण समजत होतो की पुढची गेम आली की हे सगळं पुसायचं. आता नीट वाचून काढलं तेव्हा कळलं, एचडी नावाची पूर्ण गेम कधी आलीच नाही. तो बेतच रद्द झाला, पुढे ग्रॅन टुरिस्मो फाइव्ह प्रोलॉग आला, आणि हा डेमो ३० सप्टेंबर २००७ ला प्लेस्टेशनच्या ऑनलाइन स्टोअरवरून काढला. बाकीच्या डेमोंना मागे एक आख्खी गेम आहे रे, डिस्क जुन्या बाजारात कुठेतरी मिळेल. याच्या मागे काही नाही. हा होता तेवढाच होता. आणि तो आपल्या डब्यात पडलाय.

मग काय, लावला. पहिल्या वळणावर गाडी गेली, आणि डब्यातून आवाज आला. खर्र, टक. गेम अडकली, सुटली. परत खर्र, टक. तू ऐकलास तर तुलाही कळेल, हा हार्ड डिस्कचा शेवटचा श्वास. साठ जीबीची मूळ डिस्क आहे, अठरा वर्षांची, त्यातली किती वर्षं गोव्याच्या पावसात माळ्यावर.

तेव्हापासून डोक्याला हाच भुंगा. ऐक नीट, कारण तुझं मत पाहिजे.

डिस्क बदलणं सोपं आहे. खालचं झाकण काढायचं, निळा स्क्रू सोडायचा, जुनी ओढून काढायची आणि लॅपटॉपची अडीच इंची साटा डिस्क आत सरकवायची. बायकोच्या जुन्या लॅपटॉपची पडलेली आहे. ती फॉरमॅट झाली की यंत्र नवं कोरं. कोरंच. म्हणजे डेमो गेले. बरं, जुनी डिस्क कॉम्प्युटरला लावून कॉपी करू म्हटलं तर तेही नाही, तिच्यावरचं सगळं त्याच यंत्राच्या कुलपात बंद असतं. बाहेर काढलीस की नुसता धातूचा तुकडा.

उरतो एक मार्ग. सेटिंग्जमध्ये बॅकअप युटिलिटी आहे. बाहेरची डिस्क फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट करून लावायची, सगळा माल तिच्यावर, मग नवी डिस्क बसवून परत आत. त्याच यंत्रावर परत येतो, दुसऱ्यावर काही गोष्टी येत नाहीत. पण बॅकअप म्हणजे डिस्कचा कोपरा न् कोपरा वाचून काढणार. आजारी माणसाला जत्रेत चालवत न्यायचा प्रकार. मध्येच टक झालं तर? हात लावला नाही तरी ती जाणारच, आज नाहीतर पुढच्या पावसात. रात्री अंथरुणात पडल्या पडल्या हाच हिशेब. बायको विचारते, ऑफिसात काही झालंय का. तिला काय सांगू, २००७ च्या फुकट गेमची काळजी लागलीय म्हणून?

सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला त्याच्या नोंदी, तेवढे मी पेनड्राइव्हवर घेतले. तुझ्या नावाच्या यूजरवरचेही. घाबरू नकोस, पुसलं काही नाही.

बरं, परत डाउनलोड करायचं तर स्टोअर अजून जिवंत आहे, एवढं नशीब. २०२१ मध्ये बंद करायची तारीखही सांगितली होती, २ जुलै. मग लोकांनी बोंबाबोंब केली आणि एप्रिलमध्ये निर्णय मागे घेतला. थ्री आणि हातात धरायच्या व्हिटाचं वाचलं, तिच्या आधीच्या पीएसपीचं गेलं. एक्सबॉक्स ३६० वाल्यांचं २०२४ च्या जुलैत गेलं, २९ तारखेला. निंटेंडोवाल्यांचं त्याच्याही आधी. आपलं किती दिवस टिकेल कोण सांगणार.

त्या स्टोअरपर्यंत पोचतानाच माझा घाम निघाला. घरी आता फायबर आहे, पण डब्याला नवा राउटर दिसेना. तो फक्त जुनं २.४ गिगाहर्ट्झचं वायफाय ओळखतो, पाचचं नाही, आणि नवीन पद्धतीची सुरक्षा त्याच्या गावीच नाही. शेवटी हॉलमधून स्वयंपाकघराच्या दारातून लॅनची वायर ओढली. आईला त्यात पाय अडकून पडण्याची भीती, म्हणून वर पाट ठेवलाय. मग माझं खातं काही केल्या आत घेईना. पासवर्ड बरोबर, तरी चूक म्हणतो. शेवटी छडा लागला. खात्याला मोबाइलवर कोड येण्याची दुहेरी तपासणी लावलेली असेल तर जुन्या यंत्राला तो प्रकार कळत नाही. वेबसाइटवर जाऊन डब्यासाठी वेगळा पासवर्ड काढावा लागतो, तो पासवर्डच्या जागी टाकायचा. हे तू लिहून ठेव, तुला लागेल.

आणि आत गेल्यावरचं स्टोअर! पानं उघडतात ती पावसात डिचोली–पणजी बस भरावी तशी. कंट्रोलरने एकेक अक्षर टाकायचं, नाव शोधायचं, गेमच्या पानावर जायचं, आणि कुठे खाली डेमो लिहिलेला दिसला आणि किमतीच्या जागी फुकट असलं की जीव भांड्यात. काही आहेत, काही नाहीत. एक उतरवून पाहिला तर जागा नाही म्हणतो! मग आठवलं, आधी पूर्ण उतरवतो आणि मग त्यातून बसवतो, म्हणजे जवळजवळ दुप्पट जागा. त्यावरूनच तर तू माझा जस्ट कॉज टूचा डेमो पुसलास. बारावीच्या परीक्षेच्या महिन्यात. अर्धा तास वाळवंट, हेलिकॉप्टर पळवा, पूल उडवा, अर्धा तास झाला की परत पहिल्यापासून. आख्खी गेम मी पुढे घेतली, कॉम्प्युटरवर. पंधरा मिनिटं खेळलो असेन. घड्याळ नाही, मागे तू "आता माझी पाळी" म्हणून ओरडत नाहीस, मजाच नाही.

त्याच मार्चची एक तारीख आठवते? १ मार्च २०१०. डब्याने स्वतःला २००० सालात नेऊन ठेवलं आणि आत जाईना. तू छातीठोकपणे सांगितलंस की धाकट्याने काहीतरी दाबलं, त्याला बिचाऱ्याला दोन धपाटेही बसले. खरं म्हणजे जगभरच्या सगळ्या जाड्या, जुन्या मॉडेलच्या प्लेस्टेशन थ्री त्या दिवशी तशाच बसल्या होत्या, २०१० लीप वर्ष आहे असं त्यांच्या घड्याळाला वाटलं होतं. दुसऱ्या दिवशी आपोआप सरळ. धाकट्याला मी हे आत्ता सांगितलं. तो म्हणाला, बाबल्यादादाकडून दोन बियर येणे बाकी.

तर आता काम. डेमो सगळे तुझ्या त्या अमेरिकन खात्यावर उतरवलेले आहेत. कॅलिफोर्नियाचा पत्ता, जन्मसाल १९७५, तू नववीत असताना बत्तीस वर्षांचा. तुझ्या डाउनलोड यादीत एचडी कॉन्सेप्टचं नाव अजून आहे का, एवढंच मला पाहायचंय. असेल तर उतरवून बघू, उतरतो की नाही ते तेव्हाच कळेल. उतरला तर मी बिनधास्त नवी डिस्क बसवतो. नसेल तर तो बॅकअपचा जुगार.

आणि पासवर्ड तुझ्याकडे आहे. २० एप्रिल २०११ ला ते सगळं नेटवर्क बंद पडलं, सात कोटी सत्तर लाख खात्यांची माहिती चोरीला गेली म्हणाले, आणि परत चालू झालं तेव्हा सगळ्यांना नवीन पासवर्ड ठेवायला लावला. तो तू ठेवलास. मला सांगितला नाहीस, कारण तेव्हा आपण फर्मागुडीच्या कॉलेजच्या अर्जावरून बोलत नव्हतो. तो विषय आता उकरत नाही. माझंच बरोबर होतं, पण उकरत नाही.

तुझं पहिलं नाव, बाळकृष्ण मेसचं नाव, तिचं नाव (घाबरू नकोस, बायकोला हे पत्र दाखवू नकोस), सगळं टाकून पाहिलं. आणखी टाकलं तर खातं बंद पडेल म्हणून थांबलो. जुन्या ईमेलवर जाऊन बदलून घेता येईल, पण तो मेलबॉक्स तुझा आहे आणि तू तो उघडतोस का देव जाणे.

तुझं कसं चाललंय? इंग्लंडात, स्विंडनला रात्रपाळीच आहे अजून की बदलली? बाळ रात्री झोपू देतं का? वहिनीला तिकडची थंडी मानवली? तुझ्या बाबांना मी बाजारात भेटतो अधूनमधून, तब्येत चांगली आहे. घराच्या मागचं छप्पर गळतंय म्हणत होते, मी रविवारी माणूस घेऊन जातो, पैशांचं नंतर बघू. चतुर्थीला येणार असशील तर आत्ताच तिकीट बघ, मागून रडू नकोस.

तुझं उत्तर येईपर्यंत डबा बंद करून, वायर काढून ठेवलाय. धाकटा रोज विचारतो, लावू का. नाही म्हणून सांगितलंय. मला फक्त एवढं कळव, बॅकअप घ्यायला बसू की नको? तू "बस" म्हणालास आणि डिस्क गेली तर मी तुला आयुष्यभर बोलणार, तू "नको" म्हणालास आणि ती आपोआप गेली तरी बोलणार. विचार करून सांग.

तुझा,
विशू

ता.क. तुझ्या यूजरवर आयगरच्या लॅपची जी वेळ आहे, ती तू काढली नव्हतीस, मामाने काढली होती, हे माझं मत कायम आहे. ती आता माझ्यापेक्षा पुढे आहे की मागे, ते मी बघून ठेवलंय. आधी पासवर्ड पाठव.