मीटर चालू आहे

कराड, रविवार

प्रिय दिन्या,

परवा फोनवर तू सांगितलंस, अण्णा रस्त्यावरच्या अपघातात गेला त्याची नुकसानभरपाई मागायचं म्हटलं, तर वहिनी म्हणतायत, "माणूस गेला, आता त्याचा भाव कसला करायचा?" माझ्याच्यानं पुढं बोलवेना. हेच वाक्य 2018 मध्ये अक्कानं आमच्या ओट्यावर बसून म्हटलं होतं, तसेच अपघातात गेलेल्या दाजींचा तेरावा झाल्यावर. म्हणून निवांत लिहितोय.

आधी मुदतीचं. मोटार वाहन कायद्यातल्या, 1 एप्रिल 2022 पासून लागू झालेल्या दुरुस्तीप्रमाणं भरपाईचा दावा अपघातापासून सहा महिन्यांच्या आत टाकायचा आहे. या अटीला कोर्टात आव्हान दिलंय, पण त्या भरवशावर बसू नकोस. अण्णाला जाऊन चार महिने झाले. दावा वहिनी राहतात तिथल्या कोर्टातही चालतो, अपघाताच्या गावाला खेटे घालावे लागत नाहीत.

दाजींचं वेल्डिंगचं दुकान तुला माहीतच आहे. ना पगारपत्रक, ना इन्कमटॅक्सचा कागद. होती ती एक लाल कापडी वही: कुणाचं गेट, कुणाची ग्रिल, किती आले, किती राहिले. जवळजवळ प्रत्येक पानावर काळा अंगठा. विमा कंपनीच्या वकिलानं उलटतपासात विचारलं, "ही वही तुम्ही मागाहून लिहिली नाही कशावरून?" अक्का म्हणाली, "अंगठा बघा की साहेब, ग्रीस आहे ते." वही पुराव्यात नोंदली गेली, निशाणी 27. आम्ही महिना वीस हजार सांगितले होते, कोर्टानं बारा धरले.

आता हिशेब ऐक, तू शेवटी बँकेतला माणूस. सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानं 2017 मध्ये ठरवून दिलंय, की स्वतःचा धंदा करणारा चाळिशीच्या आतला असेल तर पुढं कमाई वाढली असती म्हणून 40 टक्के जास्त धरायचे. बारा हजारांचे झाले 16,800. अक्का, दोन पोरं आणि सासूबाई अशी चार माणसं अवलंबून, म्हणून त्यांचा स्वतःचा खर्च पाव हिस्सा वजा. उरले 12,600. वर्षाचे 1,51,200. दाजी अडतीसचे, त्या वयाला गुणक 15, म्हणजे वर्षाची रक्कम पंधरानं गुणायची. हा 2009 च्या सरला वर्मा निकालातला तक्ता, वकिलांना तोंडपाठ असतो. झाले 22,68,000. सहवास गमावल्याचे चौघांना प्रत्येकी 44,000, शिवाय अंत्यविधीचे आणि इस्टेटीच्या नुकसानीचे मिळून 33,000. एकूण 24,77,000.

निकाल 2022 चा. त्यावर साडेसात टक्के सरळव्याज, दावा दाखल केल्यापासून पैसे हातात येईपर्यंत. दर कायद्यात ठरलेला नाही, कोर्ट ठरवतं. पण एक लक्षात घे, व्याज अपघाताच्या तारखेपासून धरत नाहीत. घरी बसून घालवलेले महिने कोरडे जातात.

तारीख पुढं गेली की अक्का एसटीत रडायची. वकील म्हणायचे, "ताई, मीटर चालू आहे." मला तेव्हा त्यांचा राग यायचा. मग एकदा कागदावर मांडलं: व्याजाचे वर्षाला 1,85,775, म्हणजे महिन्याला साडेपंधरा हजार. कोर्टानं दाजींची जी कमाई धरली तिच्यापेक्षा जास्त! हे अक्काला सांगायची माझी हिंमत झाली नाही.

मधे लोकअदालतीत सोळा लाखांवर मिटवायचा निरोप आला, व्याजबिज काही नाही. घर दोन दिवस गप्प होतं. सासूबाईच म्हणाल्या, "थांबू." पुढं कंपनी हायकोर्टात गेली, तिथं दोन वर्षं. जून 2024 मध्ये व्याजाचे 11,14,650 धरून 35,91,650 आले. थांबणं सगळ्यांनाच झेपतं असं नाही, हेही खरं. आमच्याकडं माझा पगार होता. तुमच्याकडं काय, ते तू बघ.

पोरांचा वाटा मुदत ठेवीत आहे, अठरा पूर्ण होईपर्यंत. कागदावर त्यांना 'अज्ञान' लिहितात. धाकटीनं ते वाचून विचारलं, "मामा, मला काय कळत नाही?"

शनिवारी मी येतो. वकिलांकडं आधी आपण दोघंच जाऊ. फिर्याद, पंचनामा, शवविच्छेदनाचा अहवाल यांच्या नकला काढून ठेव.

तुझा,
बंड्या

ता.क. अण्णाची हिशेबाची वही, डायरी, उधारीच्या चिठ्ठ्या, जे असेल ते जपून ठेवा. वहिनी घर आवरायला काढतील, तेव्हा रद्दीत जाऊ देऊ नकोस.