मार्चमध्ये बेडूक शोधणाऱ्यांस

मा. मंत्रिमहोदय,
स. न. वि. वि.

गेल्या ५ जूनला मुंबईतल्या एसी सभागृहात आंबोलीच्या सड्याबद्दल, म्हणजे तिथल्या जांभ्या खडकाच्या पठाराबद्दल, आपण माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणालात, "पुढच्या पावसाआधी तुमच्या सड्याला कुंपण." फोटोही निघाला. परवा कोकणकन्येने सावंतवाडीला उतरून आंबोली गाठली. कुंपण नाही. सड्यावर मुरूम ओतलाय, पार्किंगसाठी. वर रोलरही फिरवलाय, तेवढं काम मात्र नीट झालंय.

आंबोली टोड हा तिथला बेडूक २००९ साली शास्त्राच्या नोंदीत आला. अंगठ्याएवढा जीव, अंगावर पिवळे पट्टे. पहिल्या पावसात जांभ्याच्या खळग्यांत दोन बोटं पाणी साचतं, तिथं तो अंडी घालतो. चार दिवसांचा कारभार. नेमके तेच खळगे बुजवले.

पाहणीला माणसं आली होती, नाही कशाला म्हणू? मार्चमध्ये आली. पंचनाम्यात लिहून गेली, "सदर प्राणी आढळून आला नाही." साहेब, मार्चमध्ये तिथं करवंदसुद्धा पिकलेलं नसतं, बेडूक कुठला?

अकरा वर्षं बँकेतली रजा मी या सड्यावर घालवली. गुडघा तिथंच घसरून गेला, बोरिवलीचा पूल उतरताना अजून कटकट वाजतो. लेकीचा दहावीचा निकाल लागला तेव्हा मी डोक्याला टॉर्च बांधून खळगे मोजत होतो. ती ते आजही ऐकवते, आणि बरोबरच आहे तिचं. सोमवारी तुमच्या दालनाबाहेर पाच तास बसलो. "साहेब कॅबिनेटला गेलेत." आत चहाचे ट्रे मात्र जात होते.

घाई तुम्हा लोकांना जमत नाही असं नाही. मुंबईच्या आरेत, मेट्रो कारशेडसाठी, २०१९च्या ऑक्टोबरमध्ये कोर्टाचा निकाल दिवसा आला, करवती त्याच रात्री चालल्या. दोन हजारांवर झाडं गेली. पश्चिम घाट वाचवायचं काय? गाडगीळ समितीचा अहवाल २०११चा, कस्तुरीरंगन यांचा २०१३चा, मग पर्यावरण-संवेदनशील क्षेत्राच्या अधिसूचनेचे मसुद्यामागून मसुदे. सहावा ३१ जुलै २०२४ला निघाला. दिल्ली राज्याकडे बोट दाखवते, राज्य गावांकडे, आणि गावात ठेकेदाराला विचारायची कुणाची टाप नाही. मुरूम मात्र पहिल्याच मसुद्यात मंजूर!

पाऊस पंधरा दिवसांवर आलाय. त्याआधी मुरूम उचला. मजूर नसतील तर फावडं घेऊन मी येतो. आणि तो खांद्यावर हात ठेवलेला फोटो तुमच्या पेजवरून काढून टाका.

आपला,
बोरिवलीचा एक बेडूकवाला