सफरचंद कोणते, लोणी किती आणि अंश कसले?

माननीय संपादक,

सप्रेम नमस्कार, विनंती विशेष.

गेल्या शनिवारच्या आपल्या पुरवणीत सफरचंद आणि अक्रोड यांच्या गरम क्रम्बलची, म्हणजे फळाच्या फोडींवर लोणी-पिठाचा चुरा पसरून भाजलेल्या गोड पदार्थाची, पाककृती सचित्र प्रसिद्ध झाली. अशा भाजलेल्या गोड पदार्थांची आठवण वृत्तपत्रांना एरवी नाताळच्या आठवड्यात होते आणि तोवर देशी सफरचंद बहुतेक शीतगृहातून येऊ लागलेले असते. हिमाचल आणि काश्मीरचा माल मार्केट यार्डात पेट्यापेट्यांनी उतरत असताना, ऐन आश्विनात ही कृती छापल्याबद्दल पुरवणीचे आभार मानायलाच हवेत. मात्र ज्या रूपात ती छापली आहे, त्या रूपात ती आपल्याकडच्या स्वयंपाकघरात नीट साधणे कठीण आहे. कारण ती ज्या फळासाठी, ज्या मापांसाठी आणि ज्या ओव्हनसाठी मुळात लिहिली गेली, ती तिन्ही बाहेरची आहेत आणि मराठीत आणताना त्यांपैकी एकही बदललेले दिसत नाही. मी घरगुती बेकिंगचे वर्ग घेते. वर्गाला येणाऱ्या काही जणींनी तेच कात्रण आणून शंका विचारल्या, म्हणून हे थोडे सविस्तर लिहीत आहे.

सर्वांत आधी तापमानाविषयी. कृतीत ‘३५० अंशांवर बेक करावे’ एवढेच म्हटले आहे. हे अंश फॅरेनहाइट आहेत, म्हणजे आपल्या हिशेबाने साधारण १७५ ते १८० अंश सेल्सियस. आपल्याकडच्या बहुतेक ओटीजींची, म्हणजे घरगुती विजेच्या छोट्या ओव्हनची, तापमानाची चकती २५० वर संपते. ३५० वाचून नवखी व्यक्ती ती चकती शेवटपर्यंत फिरवणार, वरचा चुरा दहा-पंधरा मिनिटांत करपणार, आतल्या फोडी कच्च्या राहणार आणि दोष मात्र करणारीच्या हाताला लागणार. ओव्हनला पंखा असेल तर १६० अंशही पुरतात. ‘फॅरेनहाइट’ हा एक शब्द छापला असता तर हे सगळे टळले असते.

मापांची गतही तशीच आहे. एक कप मैदा आणि एक स्टिक लोणी ही अमेरिकेतली मापे आहेत. तिकडचा कप सुमारे २४० मिलिलिटरचा असतो आणि लोण्याची स्टिक सुमारे ११३ ग्रॅमची. आपल्याकडे लोणी १०० किंवा ५०० ग्रॅमच्या पुड्यात मिळते आणि त्यातले बरेचसे खारट असते, म्हणून कृतीतले चिमूटभर मीठ ते वापरताना वगळावे लागते. कपात मैदा हलक्या हाताने भरला तर १२० ग्रॅम भरतो, दाबून भरला तर १५० च्या वर जातो. वाटीचा तर प्रश्नच नको. दोन घरांतल्या वाट्या कधी सारख्या निघत नाहीत. आमटीला वाटीचे माप चालते, कारण आमटी चाखत चाखत सुधारता येते. ओव्हनमध्ये गेलेल्या पदार्थात मग हात घालता येत नाही, त्यामुळे तिथे ग्रॅमच हवेत. स्वयंपाकघरातला छोटा वजनकाटा आता मिक्सरच्या एखाद्या भांड्याहून महाग राहिलेला नाही.

पण माझी खरी तक्रार सफरचंदाबद्दल आहे. कृती म्हणते, ‘चार सफरचंदे’. कोणती, याचा उल्लेख नाही. केवढी, याचाही नाही. फळ दीडशे ग्रॅमचे असते तसेच अडीचशेचेही असते, त्यामुळे चार फळे म्हणजे सहाशे ग्रॅमही होतात आणि किलोभरही. याहून मोठा फरक जातीचा आहे. हा पदार्थ इंग्लंडचा. १९४० च्या जानेवारीत तिथे लोणी आणि साखर रेशनवर आली, ‘पाय’ (pie) या फळे भरून भाजलेल्या इंग्रजी पदार्थाच्या पारीला लागणारे लोणी परवडेना, आणि फळावर नुसता चुरा पसरून भाजण्याची ही रीत त्या दिवसांत घरोघर रुजली असे सांगतात. इंग्रज घरात त्यासाठी जे फळ घेतात ते खाण्याचे सफरचंदच नव्हे, ते शिजवण्याचे सफरचंद. नॉटिंगहॅमशायरमधल्या साउथवेल गावी मेरी ॲन ब्रेल्सफर्ड या मुलीने १८०९ मध्ये लावलेल्या बियांतून आलेले ब्रॅम्ली हे त्यांचे लाडके वाण. ते कच्चे खाल्ले तर दात आंबतात. शिजवले की त्याचा हलका, फुललेला लगदा होतो. त्या आंबटपणाला तोंड देण्यासाठी मूळ कृतींत फळावरही सढळ हाताने साखर घातलेली असते.

आपल्या हातगाडीवरच्या फळाची कुळकथा नेमकी उलटी आहे. कुलूजवळ बंदरोल येथे कॅप्टन ली यांनी १८७० च्या सुमारास विलायती वाणांची बाग लावली होती. ती फळे आंबटसर होती आणि आपल्या लोकांच्या जिभेला ती फारशी मानवली नाहीत. पुढे फिलाडेल्फियाहून १९०४ मध्ये कुष्ठरुग्णांच्या सेवेसाठी आलेले आणि नंतर हिंदू धर्म स्वीकारून सत्यानंद झालेले सॅम्युएल स्टोक्स यांनी १९१६ मध्ये शिमल्याच्या वरच्या अंगाला कोटगढ भागात अमेरिकेतल्या डिलिशियस जातीची रोपे लावली. ते फळ गोड, लालभडक आणि दिसायला देखणे होते. तेच पहाडात पसरले आणि त्याच घराण्यातली फळे आज आपण सिमला किंवा काश्मिरी म्हणून विकत घेतो. आंबट वाण मागे का पडले याचे उत्तर गिऱ्हाइकाच्या आवडीत आहे आणि त्यात चूक काहीच नाही. कापून खायला डिलिशियस उत्तमच. मात्र त्यात आंबटपणा फार कमी. ब्रॅम्लीसाठी लिहिलेली साखर त्याच्यावर ओतली की पदार्थ नुसता गोडमिट्ट होतो, सफरचंदाची म्हणून जी चव असते ती हरवते, आणि फळ जरा जुने असेल तर फोडी भिजवलेल्या पुठ्ठ्यासारख्या लागतात.

यावर परदेशी हिरवे सफरचंद आणणे हा एकच उपाय नाही. मॉलमध्ये ते बारमाही मिळते हे खरे. पण घरचे फळ हंगामात असताना साता समुद्रापलीकडचे, दुप्पट किमतीचे फळ शिजवण्यासाठी घ्यावे असे मला तरी वाटत नाही. हिमाचलच्या बागांत परागीकरणासाठी डिलिशियसच्या मध्ये मध्ये गोल्डन जातीची झाडे लावतात. त्यांची पिवळसर फळे बाजारात येतात, लाल फळापुढे गिऱ्हाईक त्यांच्याकडे वळूनही पाहत नाही, म्हणून ती स्वस्तही पडतात. भाजल्यावर मात्र त्यांची फोड आकार धरून राहते आणि तिला मधासारखा वास सुटतो. काश्मीरचे महाराजी नावाचे उशिरा तयार होणारे आंबट, रसाळ फळ मिळाले तर सोडू नये. यांतले काहीच मिळाले नाही तर साधे लाल सफरचंद घ्यावे, पण कडक पाहून. किलोभर फळाला एका मोठ्या लिंबाचा रस घालावा, साखर चाळीस ग्रॅमवर आणावी आणि फोडी बोटाच्या पेराएवढ्या जाड ठेवाव्यात. लिंबाने चिरलेले फळ काळे पडत नाही हा फायदा आहेच, पण मुख्य काम चवीचे आहे. एका बाजूने डाग पडलेली फळे फळवाला वेगळी काढून कमी भावात देतो. डागाचा भाग काढून टाकला की या कामाला ती पुरेशी आहेत. भुसभुशीत झालेली मात्र फुकट दिली तरी घेऊ नयेत.

अक्रोडाबद्दल आपल्या कृतीत ‘आवडीचा सुका मेवा’ असे मोघम म्हटले आहे. काजू किंवा बेदाणे घातले तर गोडावर गोड होते. अक्रोडाच्या सालीतला किंचित तुरटपणा इथे हवा असतो. देशातला बहुतेक सगळा अक्रोड काश्मीरचा. तो सप्टेंबरच्या सुमारास झाडावरून उतरतो आणि वाळून दिवाळीच्या आगेमागे नवा माल म्हणून आपल्याकडे दिसू लागतो, म्हणजे सफरचंद आणि अक्रोड एकाच खोऱ्यातून एकाच हंगामात येतात. दुकानातला सोललेला मगज घेताना एक तुकडा तोंडात टाकून पाहण्याची लाज बाळगू नये. अक्रोडात सुमारे ६५ टक्के तेल असते आणि ते लवकर खवट होते. काळपट, कडवट लागणारा मगज भाजल्यावर सुधारत नाही, उलट सगळा पदार्थ बिघडवतो. उरलेला मगज हवाबंद डब्यात भरून फ्रिजमध्ये ठेवावा.

चुऱ्यासाठी माझे प्रमाण असे: ७५ ग्रॅम मैदा, ७५ ग्रॅम कणीक, ९० ग्रॅम लोणी, ७० ग्रॅम साखर आणि ७५ ग्रॅम अक्रोडाचे जाडसर तुकडे. नुसत्या मैद्यापेक्षा निम्मी कणीक घातली की चुरा अधिक खमंग होतो. शंकरपाळ्याला आपण मोहन कडकडीत गरम घालतो. इथे लोणी फ्रिजमधून काढलेले, घट्ट हवे. त्याचे बारीक तुकडे करून बोटांच्या टोकांनी, तळहात न लावता, पिठात चोळावेत. पीठ ओल्या वाळूसारखे दिसू लागले आणि मूठ दाबल्यावर मुटका वळून बोटाच्या धक्क्याने फुटला की थांबावे. ऑक्टोबरच्या उकाड्यात लोणी चोळता चोळताच पाघळू लागते. तसे झाले तर परातीसकट पीठ पाव तास फ्रिजमध्ये ठेवावे. साखर आणि अक्रोड शेवटी मिसळावेत. लोण्याऐवजी साजूक तूप चालेल का, असे हमखास विचारले जाते. चालते, फक्त तुपात पाण्याचा अंश नसल्याने चुऱ्याच्या गुठळ्या न होता तो नानकटाईसारखा रवाळ होतो. तूप वापरायचे तर ७५ ग्रॅम पुरे आणि तेही थिजलेले हवे.

फोडींना लिंबू, साखर, अर्धा चमचा दालचिनीची पूड आणि किसणीवर दोनदा फिरवलेले जायफळ लावून त्या पसरट भांड्यात घालाव्यात. दालचिनी आणि जायफळ दोन्ही कोकणात होतात, तेव्हा परदेशी मसाल्याच्या बाटलीची गरज नाही. वर चुरा सैल पसरावा, थापू नये. थापला की खालची वाफ बाहेर पडत नाही आणि त्याचा लगदा होतो. ओव्हन आधी १८० अंशांवर तापलेला असावा. साधारण चाळीस मिनिटांनी भांड्याच्या कडेने रस बुडबुडत वर येतो, चुऱ्याच्या काठावर सुकून तपकिरी, चिकट रेघ धरतो आणि अक्रोडाचा वास स्वयंपाकघराबाहेर जातो. ही खूण घड्याळापेक्षा भरवशाची. बाहेर काढल्यावर पंधरा मिनिटे थांबावे. तेवढ्यात रस दाट होतो. इंग्रज त्यावर कस्टर्ड ओततात. मला थंड, घट्ट साय अधिक आवडते.

अंडे लागत नाही, यीस्ट लागत नाही, सजावटीचा खटाटोप नाही. त्यामुळे आपल्याकडच्या बहुसंख्य घरांत हा पदार्थ सहज शिरू शकतो, अडचण ओव्हनची. तो नसलेल्या वाचकांचा विचार आपल्या कृतीत कुठेच नाही. कढईत मीठ तापवून वर भांडे ठेवण्याची युक्ती केकला चालते, पण तिथे उष्णता खालून येते आणि क्रम्बलला वरून खरपूस व्हायचे असते. त्यापेक्षा फोडी झाकण ठेवून मंद आचेवर शिजवाव्यात, चुरा जाड बुडाच्या कढईत सतत हलवत बदामी होईपर्यंत वेगळा भाजावा आणि वाढतेवेळी फोडींवर घालावा. ओव्हनमधल्याची सर येत नाही, तरी चुरा कुरकुरीत राहतो.

जाता जाता चित्राखालच्या ओळीविषयी. ‘शरदाच्या गारेगार संध्याकाळी’ असे तिथे लिहिले आहे. ज्या पुण्यात ही पुरवणी वाचली जाते तिथे सध्या दुपारी पंखा असह्य गरम वारा फेकतो आहे. गारवा यायचा तो कोजागरीनंतर, तोही रात्रीचा. ओव्हन लावायचाच तर जेवणानंतर लावावा, एवढी सूचना त्या ओळीच्या जागी उपयोगी ठरली असती.

माझी विनंती इतकीच आहे की, बाहेरची पाककृती छापण्यापूर्वी पुरवणीच्या संपादकांनी ती इथल्या फळावर, इथल्या ओव्हनमध्ये एकदा करवून घ्यावी आणि वजन ग्रॅममध्ये, तापमान सेल्सियसमध्ये व फळाची जात नावानिशी द्यावी. यासाठी फार शोधाशोध करावी लागणार नाही. आपल्याच अंकात बाजारभावाच्या रकान्यात फळांची आवक आणि दर छापले जातात; पाककृतीचे पान जुळवताना तो रकाना समोर ठेवला तरी कोणते सफरचंद लिहायचे ते कळेल. पुढच्या शनिवारी या कृतीची दुरुस्त मापे एका चौकटीत छापता आल्यास, कात्रण काढून ठेवलेल्या वाचकांना ती दिवाळीच्या फराळाची गडबड सुरू होण्याआधी वापरता येतील.

कळावे, लोभ असावा.

आपली नम्र,
एक नियमित वाचक, पुणे