शेततळ्याचं सूत्र आणि त्याचा प्रांत

वणी, तान्हा पोळा

प्रिय दिनकर,

अकरावीच्या पोरांसाठी शेततळ्याचं गणित झकास काढलंस. फक्त त्याखालचं ‘ख ही कोणतीही वास्तव संख्या’ तेवढं खोड. सूत्राचं काय, काहीही घाल, ते उत्तर देतंच. ‘ख’ला कोणत्या किमती चालतील तो त्याचा प्रांत, आणि तो आपणच ठरवायचा.

तळं वर ३० × ३० मीटर, खोली ३ आणि उतार एकास एक, म्हणजे तळाशी २४ × २४. तळापासून ख मीटर पाणी असलं तर साठा = [(२४ + २ख)³ − २४³] ÷ ६ घनमीटर. आता ख = ५ टाकून पाहा. ४,२४७ घनमीटर! म्हणजे काठाच्या २ मीटर वर पाणी उभं. ख = −१ टाकलं तर उणे ५२९.

प्रांत ठरवायचा तर आधी पाहायचं, की प्रश्न कोण विचारतो आहे. खोदणाऱ्याला मातीशी मतलब: ० ते ३, उत्तर २,१९६. पाणी साठवणाऱ्याचं तसं नाही. सांडवा काठाच्या अर्धा मीटर खाली असेल तर २.५ च्या वर पाणी चढतच नाही, साठा १,७६१. ओलिताला पंप लावला की खालचं टोकही सरकतं. फूटव्हॉल्व्ह, म्हणजे पाण्यात बुडालेल्या पाइपाच्या तोंडाची झडप, उघडा पडला तर पंप हवा ओढतो, म्हणून तळचे ३० सेंटिमीटर सोडायचे. प्रांत ०.३ ते २.५, आणि हाती येणारं पाणी १,५८४ घनमीटर. खोदाईच्या आकड्यापेक्षा ६१२ कमी! सूत्र तेच, प्रांत तीन.

आणखी एक. पोरं खोली फुटांच्या काठीनं मोजतील आणि ८ हा आकडा तसाच सूत्रात घालतील, उत्तर ८,३६३. प्रांत लिहिलेला असेल तर ८ दारातच अडतो. मीटर केले की २.४४, साठा सुमारे १,७१०. २ फूट मात्र बिनबोभाट आत शिरतात, तिथे प्रांताचा इलाज नाही. एकक लिहायलाच लाव.

सरकीच्या पाकिटांच्या खर्चाला प्रांत ०, १, २, ३… दुकानदार अर्धं पाकीट फोडून देत नाही, तेव्हा आलेखावर ठिपके हवेत, रेघ नको.

कुंपणाच्या गणितात खरी मेख आहे. १२० मीटर तार, आयताची रुंदी र, क्षेत्र र(६० − र). विकलज, म्हणजे क्षेत्र बदलण्याचा दर, शून्य धरलं की र = ३०, क्षेत्र ९०० चौरस मीटर, आणि पोरं तिथेच पेन ठेवतात. पण धुऱ्यापासून, म्हणजे शेताच्या बांधापासून, नाल्यापर्यंत जागाच २० मीटर असेल तर? ३० प्रांताबाहेर गेलं. ० ते २० मध्ये क्षेत्र वाढतच जातं, म्हणून महत्तम, म्हणजे सर्वात मोठं, क्षेत्र टोकावर, र = २० ला: ८०० चौरस मीटर. र = ० ला आयत कुठला, असं कोणी म्हणेलच; तरी दोन्ही टोकं आत धर, म्हणजे महत्तम मिळण्याची खात्री राहते.

पेपरात प्रांताला वेगळा १ गुण ठेव बाप्पा, नाहीतर कोणी लिहिणार नाही.

तुझा,
रमेश