संपादन विनंत्यांची रांग सांभाळणाऱ्या विकिपीडिया सदस्यास

सप्रेम नमस्कार,

विकिपीडियावरच्या लेखाचा इतिहास उघडला की संपादनांसमोर आभार मानायचा छोटासा दुवा असतो. पण वाद तापलेला असताना तुम्ही जे संपादन करायचे टाळले, त्याच्यासमोर दुवा कुठून येणार? तुमच्या कामाचा मोठा भाग असा न दिसणारा आहे, म्हणून हे पत्र.

विषयाशी पगाराचा, नात्याचा किंवा वैराचा संबंध असलेला माणूस लेखात थेट बदल करतो. कोणी तरी तो उलटवतो, म्हणजे लेख आधीसारखा करतो, आणि संपादनासोबतच्या सारांशात 'जाहिरात' एवढाच शब्द टाकून निघून जातो. नव्या माणसाला लेखाविषयी बोलायला चर्चा पान असते हेच ठाऊक नसते, तो पुन्हा तोच मजकूर टाकतो. बहुतेक भांडणांची सुरुवात अशी होते. तुम्ही तिथे थांबता आणि त्याच्या सदस्य चर्चा पानावर साध्या भाषेत लिहिता: पैसे घेऊन लिहीत असाल तर कोणासाठी, कोणाच्या पैशाने आणि कोणत्या नात्याने, हे जाहीर करावे लागते. विकिमीडियाच्या वापराच्या अटींत हे २०१४ पासून आहे. सदस्य पान, लेखाचे चर्चा पान किंवा संपादन सारांश, यांपैकी एका ठिकाणी सांगितले तरी अटींपुरते भागते; काही विकिपीडियांचे स्वतःचे नियम याहून कडक आहेत. आणि जाहीर केले म्हणजे लेखात हवे ते लिहायची मुभा मिळाली असे नाही, हेही त्याच निरोपात सांगता. त्यामुळे पुढचा गैरसमज टळतो.

मग येते संपादन विनंती, म्हणजे स्वतः बदल न करता तो दुसऱ्यांनी करावा असे चर्चा पानावर मागणे. 'आमच्याबद्दल चुकीचे लिहिले आहे, कृपया दुरुस्त करा' अशा विनंतीचे कोणीच काही करू शकत नाही आणि ती महिनोन्‌महिने पडून राहते. तुम्ही ती परत पाठवताना काय हवे ते नेमके मागता: आत्ताचे वाक्य जसेच्या तसे, त्याजागी हवे असलेले वाक्य, बदलाचे कारण आणि संदर्भ. बारा परिच्छेदांचा नवा लेखच कोणी आणून ठेवला, तर त्याचे तुकडे करायला लावता.

समजा विनंती अशी आहे: 'संस्थेची स्थापना १९८७ मध्ये झाली असून तिने हजारो विद्यार्थ्यांचे आयुष्य घडवले.' तुम्ही हे वाक्य मधोमध कापता. स्थापनेच्या वर्षासाठी संस्थेचे स्वतःचे संकेतस्थळ चालते, कारण ती साधी, वाद नसलेली माहिती आहे. 'आयुष्य घडवले' यासाठी चालत नाही. मग तीन वर्तमानपत्रांची कात्रणे येतात. तुम्ही ती शेजारी शेजारी ठेवून वाचता: तारीख एक, वाक्ये तीच, बातमीदाराचे नाव कुठेच नाही. म्हणजे एकच प्रसिद्धिपत्रक तीनदा छापले गेले. स्वतंत्र संदर्भ एकही नाही. वर्ष स्वीकारले, स्तुती नाकारली, आणि दोन्हींची कारणे वेगवेगळी लिहिली. अख्खी विनंती एका शब्दात फेटाळण्यापेक्षा याला चौपट वेळ लागतो, हे आम्हाला चांगले माहीत आहे.

आम्हाला सर्वांत मोलाची वाटते ती ही गोष्ट, की हितसंबंध आहे म्हणून म्हणणे खोटे, असे तुम्ही धरत नाही. पाच परिच्छेदांच्या लेखात तीन परिच्छेद एकाच जुन्या खटल्याचे असतील, तर तक्रार करणारा माणूस त्याच कंपनीचा नोकर असला तरी त्याचे बरोबर असते. संदर्भ खरे आहेत, पण तोल गेलेला आहे. आणि जिवंत व्यक्तीबद्दलचा बदनामीकारक, संदर्भ नसलेला मजकूर असेल तर तुम्ही चर्चेची वाट न पाहता तो काढता.

रागावून आलेला माणूस कधी कधी स्वतःच फसलेला असतो. २०१५ मध्ये इंग्रजी विकिपीडियावर ३८१ खाती एकाच प्रकरणात संपादनापासून रोखली गेली, तेव्हा हेच उघड झाले. लेख नाकारला गेलेल्या लोकांना गाठून, 'पैसे द्या, लेख टिकवतो' असे सांगणारी ती टोळी होती. म्हणून तुम्ही आधी विचारता: या विषयाशी तुमचा काही संबंध आहे का? खात्यामागचे खरे नाव शोधून चर्चा पानावर टाकण्याचा मोह अनेकांना होतो. तो छळ आहे आणि त्यासाठी टाकणाऱ्यालाच रोखले जाते. पुरावा असेल तर तो खाजगीत, त्यासाठी नेमलेल्यांकडेच पाठवायचा, हे तुम्ही न चिडता किती जणांना समजावले असेल!

एकमेकांचे बदल पुन्हा पुन्हा उलटवण्याच्या संपादन युद्धातही तुमचे तसेच. इंग्रजी विकिपीडियावर एका पानावर २४ तासांत तीनपेक्षा जास्त वेळा उलटवले की नियम मोडतो. लोक तिथेच चुकतात: दर वेळी वेगळा भाग उलटवला तरी मोजणी एकच. तीन ही हक्काची संख्या नाही, आणि चौथ्यांदा पंचविसाव्या तासाला उलटवले म्हणून कोणी सुटत नाही. दोघांचाच वाद असेल आणि चर्चा पानावर बोलणे होऊनही गाडे अडले असेल, तर तिसरे मत, म्हणजे वादात नसलेल्या एका संपादकाचे मत. त्यानेही भागले नाही तर सर्वांची मते मागवायची. तिथे चर्चा साधारण ३० दिवस उघडी राहते. प्रश्न कसा मांडला यावर तिथे सगळे ठरते. 'हा पक्षपाती मजकूर काढावा का?' हे तुम्ही खोडून 'दुसऱ्या परिच्छेदातील खटल्याची तीन वाक्ये ठेवावीत का?' असे करायला लावता. शेवटी हात मोजत नाही, युक्तिवाद तोलता. कालच उघडलेल्या पाच खात्यांनी एकच वाक्य लिहिले तरी पारडे हलत नाही.

आणि काम संपल्यावर विनंतीवर 'उत्तर दिले' अशी खूण करून, खाली लेखात नेमके काय बदलले ते दाखवणारा दुवा ठेवता. दोन वर्षांनी कोणी तोच प्रश्न घेऊन आला, तर त्याला जुनी चर्चा सापडते आणि भांडण पहिल्यापासून सुरू होत नाही. त्या एका दुव्यासाठीही मनापासून आभार.

आपले,
त्याच रांगेतले काही सहसंपादक