मामा, भिंत कोरडी आहे

मिस्त्रीमामा,

नाव छापू नका म्हणालात, म्हणून नुसतं मामा. पत्र मात्र लिहिणारच. काल रात्रभर इकडे म्हसरूळला पाऊस झोडपत होता. पहाटे गच्चीवरच्या खोलीत गेले, पश्चिमेच्या भिंतीला तळवा लावला आणि रडूच आलं. कोरड्या भिंतीला हात लावून रडणारी बाई तुम्हीही पाहिली नसेल.

नाशकातला पाऊस काही इगतपुरीचा नाही. पण वारं पश्चिमेचं, त्यामुळे तो आडवा येतो आणि नेमका त्याच भिंतीवर बसतो. जुन्या घरावर भार नको म्हणून ती खोली लोखंडी सांगाड्यावर सिमेंटची शीटं मारून केलेली. तिथे आमचे आप्पा राहतात. गंगेला, म्हणजे आपल्या गोदावरीला, पूर आला की पात्रातला दुतोंड्या मारुती किती बुडाला यावर आपण नाशिककर पाऊस मोजतो. आप्पा भिंतीवरच्या डागावरून मोजायचे.

तुमच्या आधी जे साहेब आले होते, त्यांनी शीटांच्या आत साधं प्लास्टिक मारलं होतं. तेसुद्धा खालची पट्टी वरच्या पट्टीवर चढवून. आप्पा तेव्हाच म्हणाले, "अहो, कौलं अशी लावतात का? वरचं खालच्यावर यायला हवं." उत्तर काय मिळालं? "बाबा, तुम्ही खाली जाऊन आराम करा." पहिल्याच पावसात बाहेरचं पाणी आत शिरलं, आतली दमट हवा अडकून पडली, गादीमागे बुरशी धरली, आप्पांचा खोकला हटेना. मी फोटो पाठवत राहिले. निळ्या खुणा यायच्या, माणूस यायचा नाही. एकदाच फोन उचलला, तर म्हणे हवामान बदललंय, ताई. दुसऱ्यांनी ओल्या भिंतीवरच वॉटरप्रूफ रंग फासला आणि पैसे घेऊन गेले. आम्हाला चुना लागला, भिंतीला तोही नाही.

तुम्ही आलात तेव्हा मी तक्रारींचा पाढा सुरू केला होता. तुम्ही हात वर करून मला थांबवलंत, जिन्याच्या पायरीवर आप्पांच्या शेजारी बसलात आणि विचारलंत, "इथं झोपता तुम्ही. पाणी पहिलं कुठं दिसतं?"

आप्पा उठले आणि वही घेऊन आले. उभी हयात नाशिकरोडच्या नोटांच्या प्रेसमध्ये गेलेला माणूस, मोजदाद अंगात भिनलेली. तारीख, पाऊस किती वेळ, वारा कुठला, डाग किती बोटं सरकला. आम्ही घरचे त्या वहीला हसायचो, हे आज कबूल करते. तुम्ही खिशातून चष्मा काढलात आणि पानन् पान वाचलंत. मग म्हणालात, "आप्पा, खिडकीच्या डाव्या कोपऱ्यातून सुरुवात आहे." शीट उघडल्यावर तिथला लोखंडी पाइप गंजलेला निघाला. बाकीचं काम कितीही चांगलं झालं असलं, तरी मला आठवतो तो तुमचा चष्मा.

प्लास्टिकच्या जागी शीटांच्या आत लावायचं ते पांढरं कापडही तुम्ही आधी आप्पांनाच दाखवलंत. द्रोण करून पाणी ओतलंत. थेंब खाली पडला नाही. मग त्याचाच तुकडा वाफाळत्या चहाच्या पेल्यावर ताणून वर दुसरा पेला पालथा घातलात, तर तो आतून धुरकटला. पाणी अडतं, वाफ जाते. "म्हणजे भिंत श्वास घेणार," आप्पा म्हणाले आणि दिवसभर तेच सगळ्यांना सांगत सुटले. पट्ट्या कशा चढवल्यात, टेप कुठे मारलीत, ते मला सांगता येणार नाही. आप्पा खुर्ची टाकून समोर बसले होते आणि तुम्ही प्रत्येक पट्टीला "वरची खालच्यावर ना, आप्पा?" असं विचारत होतात, एवढं माहीत आहे. तुम्हाला काय ते माहीत नव्हतं होय? हातात कसब असलेले पुष्कळ भेटतात हो. म्हाताऱ्या माणसाला कामात धरणारा विरळा.

वही अजून चालू आहे. कालच्या तारखेपुढे पाऊस आहे, वारा आहे, डागाच्या रकान्यात आडवी रेघ आहे. आणि तुमच्या रोलचा जो तुकडा उरला होता, त्याचं आप्पांनी वहीला कव्हर घातलंय.

तुमची,
म्हसरूळची ताई