मुरमाखाली गेलेल्या सड्याबाबत मंत्रिमहोदयांना खुले पत्र

माननीय मंत्रिमहोदय यांस,
सप्रेम नमस्कार.

गेल्या वर्षी श्रावणात आपण आमच्या गावावरच्या सड्यावर, म्हणजे जांभ्याच्या उघड्या कातळपठारावर, आला होतात आणि येथे गाडीचे एकही चाक येऊ देणार नाही, असा शब्द आपण ग्रामस्थांसमक्ष दिला होता. या भाद्रपदात, ऐन फुलोऱ्यात, आपल्याच दौऱ्यातील गाड्यांसाठी त्याच जागी जेसीबीने मुरूम पसरून वाहनतळ करण्यात आला. आपण शब्द पाळला, असेही म्हणता येईल. चाके सड्यावर कोठे होती, ती मुरमावर होती.

खाली काय गाडले गेले, हे आपल्याला कोणी सांगितले नसणार. जांभ्याच्या कातळावर जेमतेम बोटाच्या पेराएवढी माती असते. पावसाळ्यात ती पाण्याखाली असते आणि वैशाखात कातळासह भाजून निघते. तिच्यात कस नाही, म्हणूनच उंच गवत आणि झुडपे तेथे जम धरत नाहीत आणि वीतभर उंचीच्या फुलझाडांना जागा मिळते. मातीत नसलेले नायट्रोजन मिळवण्यासाठी सीतेची आसवे ही वनस्पती पाण्यातले सूक्ष्म जीव आपल्या इवल्या फुग्यांत ओढून घेते, तर दवबिंदू या वनस्पतीच्या चिकट केसांना चिलटे अडकतात. दीपकाडी कोरडे महिने कंदरूपाने जमिनीखाली काढते आणि पहिल्या पावसाबरोबर फुलते. वायतुरा उथळ डबक्यांतच जगतो आणि सह्याद्रीबाहेर तो जगात कोठेही उगवत नाही. आपल्या कंत्राटदाराने नेमकी तीच डबकी बुजवून जागा सपाट केली. मुरमाबरोबर आलेले रानमोडी या तणाचे बी पुढच्या पावसात उगवेल, ती आपली आम्हांस कायमची भेट.

मी निवृत्त शिक्षक आहे. काम सुरू झाले त्याच दिवशी अर्ज घेऊन गेलो, तर हे काम आपल्याकडे नाही, असे प्रत्येक टेबलावर सांगण्यात आले. ‘मास्तर, गवतापायी एवढा जीव कशाला काढता?’ असे एका कारकुनाने हसत विचारले. जिल्ह्याच्या गावी साहेब बैठकीत आहेत म्हणून संध्याकाळपर्यंत बाकावर बसवले. शेवटची एसटी चुकली आणि रक्तदाबाची गोळी घरी राहिल्याने रात्र स्थानकावर छातीला हात लावून काढली. गावातली, माझ्याच हाताखाली शिकलेली पोरे आता मला विकासाचा शत्रू म्हणतात, कारण वाहनतळ झाला तर चहा-वडापावची गाडी लावता येईल, असे त्यांना सांगितले गेले आहे. त्यांचा राग मी समजू शकतो. याहून बरा रोजगार त्यांना कोणी दाखवलाच नाही.

प्रश्न एका सड्याचाही नाही. २०१२ मध्ये पश्चिम घाटातील ३९ ठिकाणे जागतिक वारसा ठरली, त्यांत साताऱ्याजवळचे कास पठार होते, म्हणून कासची छायाचित्रे शासनाच्या जाहिरातींत झळकतात. त्याच जातीचे बाकीचे सडे मात्र सातबाऱ्यावर पोटखराबा, म्हणजे लागवडीस निरुपयोगी जमीन, म्हणून पडून आहेत. चाळकेवाडीच्या पठारावर पवनचक्क्या उभ्या राहिल्या, तेव्हाही पायाखाली काय आहे हे किती जणांनी वाकून पाहिले असेल? पश्चिम घाटाच्या रक्षणासाठी नेमलेल्या गाडगीळ समितीने २०११ मध्ये अहवाल दिला. तो जड वाटला, म्हणून कस्तुरीरंगन समिती आली आणि तिने महाराष्ट्रातील १७,३४० चौरस किलोमीटर क्षेत्र पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील ठरवण्याची शिफारस केली. २०१४ पासून २०२४ पर्यंत असे क्षेत्र जाहीर करणाऱ्या अधिसूचनेचा मसुदा सहा वेळा निघाला, म्हणजे दहा वर्षे मसुद्यांवरच गेली. वाहनतळाला मात्र मसुदा लागला नाही, हरकती-सूचना लागल्या नाहीत, एक रात्र पुरली.

मुरूम यंत्राने न खरवडता माणसे लावून, सडा सुकल्यावर आणि वळवाच्या आत उचलावा. बुजवलेली डबकी मोकळी करावीत. आणि हे काम कोणाच्या सहीने झाले, ते लेखी कळवावे. मजुरी म्हणून आमच्या त्याच पोरांना पैसे द्यावेत. उत्तर टपालाने पाठवावे. मला पुन्हा त्या बाकावर बसवू नये.

आपला,
सड्याखालच्या गावातील एक निवृत्त शिक्षक